सरडा नावाचा देवमासा आणि इतर कोडी

मित्रांनो, सुरुवातीलाच एक सोपा प्रश्न. दोन मार्कांचा, निगेटिव्ह मार्किंग नाही. खवले मांजर, उदमांजर आणि पाणमांजर या तिघांपैकी खरं मांजर कोणतं?

उत्तर आहे, एकही नाही! खवले मांजर म्हणजे पॅंगोलिन. अंगभर खवले, तोंडात एकही दात नाही आणि जेवण म्हणजे मुंग्या नि वाळवी. पाणमांजर म्हणजे ऑटर, ते मुंगसापेक्षाही वीझल नावाच्या प्राण्याच्या जास्त जवळचं. उदमांजर म्हणजे सिव्हेट, त्याचं घराणं वेगळंच. त्यात आणखी गंमत म्हणजे 'ऊदमांजर' हे नाव काही ठिकाणी सिव्हेटला लावतात, तर काही ठिकाणी ऑटरला! माझं शिक्षण कॉन्व्हेंटमधलं. त्यामुळे पॅंगोलिन मला आधी भेटला आणि खवले मांजर बऱ्याच वर्षांनी. दोन्ही एकच आहेत हे कळायला मध्ये एक चित्र लागलं.

आता कुणी म्हणेल, मराठी नावं चुकीची आहेत. तसं अजिबात नाही. लोकांनी जे दिसलं त्यावरून नाव दिलं. मांजराएवढं, मांजरासारखं चालणारं, म्हणून मांजर. समुद्रातला सगळ्यात मोठा 'मासा', म्हणून देवमासा. तो पिल्लांना दूध पाजतो, फुप्फुसाने श्वास घेतो, म्हणजे मासा नाही, हे आपल्याला पुस्तकात कळलं. पण नाव मात्र देवमासाच राहिलं आणि कुणाचं काही अडलं नाही.

अडतं ते वेगळ्याच वेळी. केरळमधला संशोधक, जपानमधला संशोधक आणि नंदुरबारचा वनरक्षक या तिघांना एकाच प्राण्याबद्दल बोलायचं असेल तेव्हा. 'तुमचं उदमांजर म्हणजे नक्की कुठलं?' यातच अर्धा दिवस जाईल. म्हणून शास्त्रीय नावं आली. शाळेत ही नावं आपण पाठ केली आणि परीक्षेनंतर विसरलो. पण या नावांमागे इतकी कोडी, भांडणं आणि एक चक्क चोरीसुद्धा आहे की आज त्याबद्दल सांगायलाच हवं.

लिनियसने नक्की काय केलं?

स्वीडनच्या कार्ल लिनियसने (१७०७ ते १७७८) प्राण्यांना दोन शब्दी नावं दिली, हे आपल्याला माहीत असतं. पण त्यात एवढं मोठं काय, हे सहसा कुणी सांगत नाही.

लिनियसच्या आधी युरोपात प्राण्या-वनस्पतींची नावं लॅटिनमध्ये असायची, पण ती नावं कसली, अख्खी वाक्यंच होती. 'अमुक आकाराच्या पानांचं, तमुक रंगाच्या फुलांचं, काटे नसलेलं झुडूप' अशा थाटाची. म्हणजे नाव आणि व्याख्या एकच. उद्या त्याच्यासारखं दुसरं झुडूप सापडलं, की फरक दाखवायला नावात आणखी दोन शब्द घाला. माहिती वाढली की नाव बदललं!

लिनियसने नाव आणि व्याख्या यांची फारकत केली. व्याख्या हवी तेवढी लांब लिहा, पण नाव दोनच शब्दांचं. पहिला शब्द प्रजातीचा, म्हणजे जीनस. दुसरा जातीचा, म्हणजे स्पीशीज. पॅन्थेरा टायग्रिस म्हणजे वाघ, पॅन्थेरा लिओ म्हणजे सिंह, पॅन्थेरा पार्डस म्हणजे बिबट्या. पहिला शब्द आडनावासारखा, दुसरा स्वतःच्या नावासारखा. इंग्रजी लिपीत लिहिताना पहिल्या शब्दाचं पहिलं अक्षर कॅपिटल, दुसऱ्याचं लहान आणि दोन्ही शब्द तिरप्या टाइपात. देवनागरीत कॅपिटल अक्षरच नाही, त्यामुळे आपली एका नियमातून सुटका.

कॉम्प्युटरवाल्यांना हे पटकन कळेल. नाव म्हणजे पॉइंटर. तो एका ठरावीक पत्त्याकडे बोट दाखवतो. तिथे काय ठेवलंय हे पॉइंटरच्या नावात लिहिलेलं असण्याची गरज नाही. मेकॅनिकलवाल्यांसाठी सांगायचं तर नाव म्हणजे पार्ट नंबर. ड्रॉइंगमध्ये सुधारणा होत राहतात, नंबर तोच राहतो.

चार नियम, जर्नलमध्ये उतरवून घ्या

ही नावं देण्याचे आंतरराष्ट्रीय नियम आहेत आणि ते सांभाळायला १८९५ पासून एक आंतरराष्ट्रीय आयोगही आहे. नियमांचं पुस्तक जाडजूड आहे, आपण चार मुद्द्यांवर भागवू.

एक, पहिला आला त्याचा मान. एकाच प्राण्याला दोघांनी वेगवेगळी नावं दिली, तर आधी छापलं गेलेलं नाव चालतं. प्राण्यांच्या बाबतीत ही मोजणी १७५८ पासून सुरू होते. त्या वर्षी लिनियसच्या 'सिस्टिमा नॅचुरी' या ग्रंथाची दहावी आवृत्ती निघाली.

दोन, एक नाव एकालाच. प्राणिसृष्टीत एका प्रजातीचं नाव दुसऱ्या प्रजातीला देता येत नाही.

तीन, नाव एका नमुन्याला बांधलेलं असतं. नवीन जात जाहीर करताना एक विशिष्ट नमुना 'हा तो' म्हणून संग्रहालयात ठेवायचा. त्याला टाइप म्हणतात. उद्या भांडण झालं तर सगळ्यांनी त्या नमुन्यापाशी यायचं.

चार, अर्थ चुकला म्हणून नाव बदलत नाही. हा नियम ऐकायला विचित्र वाटतो आणि खरी मजा यातच आहे.

आता या नियमांचे सॉल्व्ड प्रॉब्लेम्स बघू.

प्रॉब्लेम पहिला : ज्याचं नाव भुंगेऱ्याने आधीच घेतलं

१७९८ मध्ये ऑस्ट्रेलियाहून इंग्लंडला एक विचित्र कातडं पाठवलं गेलं. अंग केसाळ, शेपूट बीव्हरसारखी चपटी आणि तोंडाला बदकाची चोच! जॉर्ज शॉ या शास्त्रज्ञाने १७९९ मध्ये त्याचं वर्णन छापलं, पण कुणीतरी बदकाची चोच दुसऱ्या प्राण्याला शिवून आपल्याला फसवत तर नाही ना, ही शंका त्याला होतीच. त्या काळी पूर्वेकडच्या बंदरांतून आलेल्या 'जलपरी' म्हणजे माकड आणि मासा शिवून केलेला माल असायचा, त्यामुळे शंका रास्त होती.

शॉने नाव दिलं प्लॅटिपस अ‍ॅनाटिनस. प्लॅटिपस म्हणजे सपाट पायांचा, अ‍ॅनाटिनस म्हणजे बदकासारखा. पण घोटाळा झाला. प्लॅटिपस हे नाव १७९३ मध्येच लाकूड पोखरणाऱ्या भुंगेऱ्यांच्या एका प्रजातीला दिलं गेलं होतं. नियम दोन! इकडे जर्मनीत ब्लूमेनबाखने १८०० मध्ये याच प्राण्याला ऑर्निथोऱ्हिंकस पॅराडॉक्सस असं स्वतंत्र नाव दिलं होतं. म्हणजे पक्ष्याच्या तोंडाचा, कोड्यात टाकणारा.

मग निकाल काय? शॉचा पहिला शब्द बाद, कारण तो भुंगेऱ्याचा. शॉचा दुसरा शब्द मात्र शाबूत, कारण तो आधीचा. म्हणून आजचं नाव ऑर्निथोऱ्हिंकस अ‍ॅनाटिनस. अर्धं ब्लूमेनबाखचं, अर्धं शॉचं. जग त्याला अजून प्लॅटिपस म्हणतं, पण शास्त्राच्या दृष्टीने खरा प्लॅटिपस म्हणजे तो भुंगेरा.

नाव ठरलं, पण हा प्राणी आहे तरी काय हे कळायला आणखी चौऱ्याऐंशी वर्षं गेली. अंडी घालतो की पिल्लं, यावर युरोपात वाद चालू होते. १८८४ मध्ये विल्यम कॉल्डवेल याने ऑस्ट्रेलियात प्रत्यक्ष पाहून तार केली, की हा प्राणी अंडी घालतो. सस्तन प्राणी, दूध पाजणारा आणि तरी अंडी घालणारा! दूध पाजतो, पण त्याला स्तनाग्रं नाहीत. नराच्या मागच्या पायाला विषारी काटा असतो. आणि इलेक्ट्रिकलच्या मित्रांनो, त्याच्या चोचीत सुमारे ४०,००० विद्युतसंवेदी ग्रंथी आहेत. पाण्याखाली डोळे, कान आणि नाकपुड्या बंद करून तो भक्ष्याच्या स्नायूंतल्या अतिसूक्ष्म विद्युत सिग्नलवरून शिकार करतो. ही गोष्ट कळली १९८६ मध्ये. नाव देऊन तोवर १८७ वर्षं झाली होती. एवढी माहिती बदलली, पण नावाला धक्का लागला नाही.

प्रॉब्लेम दुसरा : राजा सरडा

अमेरिकेत लुईझियानात प्रचंड मोठे मणके सापडले. रिचर्ड हार्लन याला वाटलं, हा समुद्रातला महाकाय सरपटणारा प्राणी. १८३४ मध्ये त्याने नाव ठेवलं बॅसिलोसॉरस, म्हणजे सरड्यांचा राजा. पुढे १८३९ मध्ये तो काही जीवाश्म घेऊन लंडनला गेला. तिथे रिचर्ड ओवेनने दात पाहिले. हा ओवेन म्हणजे ज्याने पुढे १८४२ मध्ये 'डायनोसॉर' हा शब्द दिला तोच. त्या प्राण्याच्या दाढांना दोन मुळं होती. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या दातांना अशी दोन मुळं नसतात, सस्तन प्राण्यांच्या दाढांना असतात. म्हणजे सरड्यांचा हा राजा प्रत्यक्षात होता एक प्राचीन देवमासा!

ओवेनने दुसरं नाव सुचवलं, झ्युग्लोडॉन. जुवासारख्या दातांचा असा त्याचा अर्थ. नाव अर्थाला धरून होतं. पण नियम एक आणि नियम चार! पहिलं नाव बॅसिलोसॉरस, म्हणून तेच कायम. आज इजिप्तच्या वाळवंटात वादी अल-हितान नावाच्या ठिकाणी या प्राण्याचे सांगाडे पडलेले आहेत. त्यांना इवलेसे मागचे पायही आहेत. २००५ पासून ती जागा जागतिक वारसा यादीत आहे.

पाय असलेला देवमासा? म्हणजे त्याचे पूर्वज जमिनीवर चालायचे. यातला एक महत्त्वाचा दुवा आपल्याच देशात सापडला. जम्मूमधल्या कालाकोट भागातून भूवैज्ञानिक ए. रंगा राव यांनी जीवाश्म असलेले दगड गोळा केले आणि १९७१ मध्ये त्यांतल्या एका खुरवाल्या छोट्या प्राण्याला इंडोहायस हे नाव दिलं. नावाचा अर्थ साधारण 'भारतातलं डुक्कर'. रंगा राव यांच्या निधनानंतर बरेच दगड तसेच राहिले होते. त्यांच्या पत्नीने ते हान्स थेविसन या शास्त्रज्ञाच्या हाती दिले. त्यांतली एक कवटी साफ करताना मोडली आणि आतलं कानाचं हाड दिसलं. त्या हाडाची जाड भिंत थेट देवमाशांसारखी होती! २००७ मध्ये हे प्रसिद्ध झालं. मांजराएवढा, हरणासारखा दिसणारा 'भारतीय डुक्कर' देवमाशांचा जवळचा नातलग निघाला.

बघा, मराठीत 'मासा', ग्रीकमध्ये 'सरडा' आणि त्याच्या नातलगाचं नाव 'डुक्कर'. तीनही नावं दिशाभूल करणारी आणि तरी तीनही कामाची. कारण कुठल्या प्राण्याबद्दल बोलतोय, याबद्दल कुणाच्या मनात शंका नाही.

प्रॉब्लेम तिसरा : चोर नव्हे, आई

१९२३ मध्ये मंगोलियातल्या गोबी वाळवंटात अमेरिकन संशोधकांना अंड्यांच्या घरट्यावर एका डायनोसॉरचा सांगाडा सापडला. अंडी दुसऱ्याच एका शिंगवाल्यांच्या कुळातल्या डायनोसॉरची असणार, असं तेव्हा गृहीत धरलं होतं. मग हा घरट्यावर काय करत होता? अंडी चोरायला आला असणार! १९२४ मध्ये हेन्री ऑस्बोर्नने त्याला नाव दिलं ओव्हिरॅप्टर, म्हणजे अंडीचोर. हे नाव त्याच्या चारित्र्याबद्दल गैरसमज करून देईल, असा इशारा ऑस्बोर्नने त्याच लेखात देऊन ठेवला होता.

सत्तर वर्षं बिचारा चोर म्हणून वावरला. १९९३ मध्ये गोबीतच तशाच एका अंड्यात गर्भाचा सांगाडा मिळाला. तो निघाला ओव्हिरॅप्टरच्याच कुळातला! म्हणजे अंडी घरचीच. त्यानंतर याच कुळातल्या एका डायनोसॉरचा सांगाडा घरट्यावर बसलेल्या स्थितीत मिळाला, कोंबडी बसते तसा, दोन्ही हात अंड्यांभोवती पसरलेले. त्या डायनोसॉरला २००१ मध्ये सिटिपाटी असं नाव दिलं. ऐकून काही आठवलं? संस्कृतमधला 'चितिपती', म्हणजे चितेचा स्वामी. तिबेटी बौद्ध परंपरेतून हा शब्द घेतला आहे.

ओव्हिरॅप्टरचं नाव मात्र बदललं नाही. नावाने अंडीचोर, प्रत्यक्षात अंड्यांची राखण करणारा. अन्याय वाटतो ना? पण विचार करा. अर्थ सुधारायला म्हणून प्रत्येक वेळी नाव बदललं, तर १९२४ पासूनच्या सगळ्या लेखांतला ओव्हिरॅप्टर कोणता आणि आजचा कोणता हे शोधत बसावं लागेल. नाव बदलून चूक लपते. नाव ठेवून चूक दिसते, आणि ती कशी सुधारली तेही दिसतं.

प्रॉब्लेम चौथा : पंतप्रधानांच्या नावाचा मासा

सीलाकँथ नावाचे मासे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी डायनोसॉरबरोबरच संपले, असं मानलं जायचं. २२ डिसेंबर १९३८ रोजी दक्षिण आफ्रिकेतल्या ईस्ट लंडन बंदरात मार्जोरी कोर्टने-लॅटिमर या तरुण संग्रहालय-अधिकारी एका ट्रॉलरवरची मासळी पाहायला गेल्या. ढिगाखाली त्यांना एक निळसर, दीड मीटर लांबीचा मासा दिसला. प्राध्यापक जे. एल. बी. स्मिथ येईपर्यंत फेब्रुवारी उजाडला. तोवर मासा सडू नये म्हणून त्यात पेंढा भरावा लागला होता आणि आतले अवयव गेले होते. १९३९ मध्ये स्मिथ यांनी नाव दिलं लॅटिमेरिया कॅलुम्नी. पहिला शब्द मार्जोरी यांच्या नावावरून, दुसरा कॅलुम्ना नदीवरून, जिच्या मुखाजवळच्या समुद्रात तो मासा मिळाला.

आतले अवयव असलेला दुसरा मासा मिळवायला स्मिथ यांना चौदा वर्षं लागली. १९५२ मध्ये तो कोमोरोस बेटांवर मिळाला. तो सडायच्या आत पोचायला हवं म्हणून पंतप्रधान मलान यांनी विमान दिलं. या माशाला पाठीवरचा पहिला पर नव्हता, म्हणून स्मिथ यांना ती वेगळीच प्रजाती वाटली. नाव ठेवलं मलानिया. पुढे कळलं की हा लॅटिमेरियाच आहे, पर फक्त दुखापतीमुळे गेलेला. मग नियम एक लागला. पंतप्रधानांचं नाव मागे पडलं, संग्रहालयात काम करणाऱ्या मुलीचं नाव टिकलं. नियम पद बघत नाही!

नाव लॅटिनच हवं का?

नाही. लॅटिन लिपीत लिहायचं एवढंच, शब्द कुठल्याही भाषेतला चालतो. २००३ मध्ये एस. डी. बिजू आणि फ्रँकी बॉसुइट यांनी केरळच्या इडुक्की जिल्ह्यातल्या एका जांभळ्या, फुगीर, टोकदार नाकाच्या बेडकाचं वर्णन 'नेचर' नियतकालिकात छापलं. नाव, नासिकाबॅट्रॅकस सह्याद्रेन्सिस. नासिका म्हणजे नाक आणि सह्याद्री म्हणजे आपला सह्याद्रीच, फक्त त्याचं दक्षिण टोक. हा बेडूक जवळपास वर्षभर जमिनीखाली असतो आणि पावसाळ्याच्या सुरुवातीला थोड्याच दिवसांसाठी अंडी घालायला वर येतो. त्याचे सगळ्यात जवळचे नातलग आफ्रिकेजवळच्या सेशेल्स बेटांवर आहेत. भारत आणि सेशेल्स एकेकाळी एकाच भूखंडाचा भाग होते, याचा हा जिवंत पुरावा.

आणि २०२१ मध्ये मुंबईत, जोगेश्वरीच्या एका विहिरीत सापडलेल्या, डोळे नसलेल्या लाल, वामसारख्या माशाला नाव मिळालं रक्तमिक्थिस मुंबा. मुंबाआईवरून! लोकलच्या गर्दीपासून थोड्याच अंतरावर, जमिनीखाली, आंधळा मासा पोहत होता आणि शास्त्राला तो माहीतच नव्हता.

शेवटचा प्रॉब्लेम : खोटं लेबल

आतापर्यंतच्या गोष्टींत चुका होत्या, पण प्रामाणिक होत्या. आता ज्या चोरीचा उल्लेख केला ती. ही गोष्ट आपल्या खानदेशातली आहे.

रानपिंगळा हे एक छोटं घुबड. १८७२ मध्ये आजच्या छत्तीसगडमधल्या फुलझर इथे एफ. आर. ब्लेविट यांनी त्याचा नमुना मिळवला आणि १८७३ मध्ये ए. ओ. ह्यूम यांनी त्याला नाव दिलं हेटरोग्लॉक्स ब्लेविटी. हे ह्यूम म्हणजे १८८५ च्या काँग्रेस स्थापनेतले, इतिहासात वाचलेले तेच ह्यूम. पुढे जेम्स डेव्हिडसन या इंग्रज अधिकाऱ्याने खानदेशात शहादा-तळोदा भागात आणखी काही नमुने मिळवले. त्यांतला शेवटचा १८८४ चा. त्यानंतर हा पक्षी जणू गायबच झाला.

फक्त एक नमुना नंतरचा होता. रिचर्ड माइनर्ट्झहागेन या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्याच्या संग्रहात एक रानपिंगळा होता. लेबलवर लिहिलं होतं, गुजरातेतलं मांडवी, १९१४. हा माणूस युरोपात मोठा पक्षितज्ज्ञ समजला जायचा. साहजिकच शोधणाऱ्यांनी गुजरातेतल्या त्या जागेवर भरवसा ठेवला. शोधून शोधून काही मिळालं नाही.

१९९० च्या दशकात पामेला रासमुसेन या अमेरिकन पक्षिशास्त्रज्ञांनी संग्रहालयांतले हे नमुने बारकाईने तपासले. माइनर्ट्झहागेनचा रानपिंगळा भरण्याच्या आणि शिवण्याच्या पद्धतीवरून कळलं, की तो मुळात डेव्हिडसनने तयार केलेला आहे. ब्रिटिश संग्रहालयातून चोरलेला, पुन्हा शिवलेला आणि त्यावर खोटी जागा नि खोटी तारीख चिकटवलेली! मग त्या लेबलवर फुली मारून रासमुसेन आणि त्यांचे दोन सहकारी जुन्या, खऱ्या लेबलांवरच्या जागांकडे गेले. नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळ, भर दिवसा, झाडाच्या फांदीवर रानपिंगळा बसलेला दिसला. तब्बल ११३ वर्षांनी! तो तिथेच होता. शोधणारे चुकीच्या जागी होते. चोरीचा सगळा तपशील १९९९ मध्ये प्रसिद्ध झाला.

आज तो मेळघाटातही आहे, आणि २०१४ मध्ये तर मुंबईच्या जवळ तानसा अभयारण्यातही दिसला. जात धोक्यात आहेच, पण ती कुठे आहे हे माहीत असल्यामुळे तिला वाचवायचे प्रयत्न तरी होऊ शकतात. मधल्या काळात त्याची प्रजात बदलून आता त्याला अथेनी ब्लेविटी म्हणतात. आडनाव बदललं, नाव तेच राहिलं.

आता जरा आपल्याकडे बघा. ग्राफ सरळ रेषेत यावा म्हणून प्रॅक्टिकलला एखादं रीडिंग 'बसवणारे' महाभाग प्रत्येक बॅचमध्ये असतात. एका रीडिंगने काय होतंय, असं त्यांचं म्हणणं. रानपिंगळ्याच्या बाबतीत एकच रीडिंग खोटं होतं. सात-आठ नमुन्यांतला एक, लेबलवरच्या दोन ओळी. एवढ्याने एक जिवंत पक्षी हरवला.

थोडक्यात काय?

ओव्हिरॅप्टरच्या नावात चूक आहे, बॅसिलोसॉरसच्या नावात चूक आहे. पण त्या चुका सापडल्या आणि सुधारल्या. कारण नाव ज्या नमुन्याला बांधलं होतं तो जागेवर होता आणि त्याची जागा, तारीख खरी लिहिली होती. कुणालाही परत जाऊन तपासता आलं. माइनर्ट्झहागेनच्या लेबलवर पक्ष्याचं नाव अगदी बरोबर होतं! फक्त त्याखालचं सगळं खोटं होतं. म्हणजे चुकीचं नाव शास्त्राला पचतं, खोटी नोंद पचत नाही.

२०११ मधल्या एका अभ्यासानुसार पृथ्वीवर बॅक्टेरिया वगैरे सोडून अंदाजे ८७ लाख जाती आहेत आणि त्यांपैकी तेव्हा जेमतेम १२ लाखांची नोंद झाली होती. आपल्या पुराणांतल्या ८४ लक्ष योनींच्या इतका जवळचा आकडा यावा, हा एक गमतीदार योगायोग. पण उरलेल्या ७५ लाखांना नाव नाही. आणि ज्याला नाव नाही, तो नाहीसा झाला तरी त्याची बातमी होत नाही. धरणाच्या, रस्त्याच्या किंवा खाणीच्या कामाआधी 'इथे काय काय राहतं' याची यादी करतात, तीत त्याचं नाव लिहिताच येत नाही. आणि मित्रांनो, ती धरणं, ते रस्ते उद्या आपल्यापैकीच कुणीतरी बांधणार आहे. तेव्हा समोर आलेली ती यादी नुसती सही करून पुढे ढकलायची, की एकदा नीट वाचायची, हे मात्र आपल्या हातात असेल.

तोपर्यंत निदान एवढं करा. कुणी विचारलं, की खवले मांजर हे मांजर आहे का, तर 'नाही' म्हणा. आणि लगेच हेही सांगा, की डीएनएच्या तपासणीत पॅंगोलिनचे सगळ्यात जवळचे नातलग निघाले ते कुत्र्या-मांजरांच्या गटातले मांसाहारी प्राणी. आपल्या पूर्वजांनी ठेवलेलं नाव अगदीच काही हुकलं नव्हतं!